तीन रंगांच्या रेघा

आपल्यापैकी बऱ्याच जणांच्या स्वयंपाकघरात रेडिओवर चालणारं घड्याळ असतं. दिवाळीच्या आसपास, ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी पहाटे, ते आपलं आपण एक तास मागे जातं. त्याला वेळ सांगतं कंब्रियातलं अँथॉर्नचं प्रक्षेपण केंद्र, 60 किलोहर्ट्‌झवर. त्याच अँथॉर्नहून 100 किलोहर्ट्‌झवर जहाजांसाठीही संदेश निघायचा. मला लिहायचंय ते त्याच्याबद्दल आणि त्याच्या आधीच्या डेक्काबद्दल.

सत्तरच्या दशकात मी थर्ड ऑफिसर म्हणून इंग्लिश चॅनलमध्ये आलो, तेव्हा ब्रिजवर डेक्का नॅव्हिगेटर असे. कल्पना विल्यम ओब्रायन या अमेरिकन इंजिनियरची. ग्रामोफोनवाल्या डेक्काने ती इंग्लंडात उभी केली आणि जून 1944 मध्ये नॉर्मंडीच्या स्वारीत ती वापरली गेली. किनाऱ्यावर एक मुख्य केंद्र आणि त्याच्या जोडीला बहुधा तीन दुय्यम. दोन केंद्रांच्या लहरी एकमेकींच्या किती मागेपुढे आहेत ते यंत्र मोजी. तेवढाच फरक जिथे जिथे येतो ती नकाशावर एक वक्र रेघ. लाल, हिरव्या, जांभळ्या रेघा छापलेले नकाशे मिळत; दोन रंगांच्या रेघा छेदतील तिथे आपलं जहाज. मात्र प्रत्येक पट्ट्यात तोच फरक पुन्हा येई. पावसाच्या खरखरीत यंत्राने एक पट्टा उडी मारली, तर चुकीचा आकडाही तितक्याच ठामपणे दिसे.

अचूकता दोन तऱ्हांची असते. समुद्रावरून लहर सरळ वेगात येते. जमिनीवरून, त्यातही कोरड्या खडकाळ भागावरून, जरा रेंगाळते. त्यामुळे नकाशावरची जागा काही ठिकाणी बरीच सरके. पण ही चूक रोज जवळपास तेवढीच. म्हणून नॉर्थ सीतले मच्छीमार अक्षांश-रेखांशाच्या फंदात न पडता डेक्काचे आकडेच वहीत लिहून ठेवत. बुडालेल्या कुठल्या बोटीत जाळं अडकतं, मासळी कुठे लागते, सगळं त्या वहीत. आपले कोळी देवळाचा कळस आणि मागचा डोंगर एका रेषेत धरतात, तसंच हे. रात्री मात्र, विशेषतः हिवाळ्यात, आकाशातून परावर्तित झालेली लहर मिसळे आणि आकडे डळमळत. मार्च 2000 अखेर इथलं डेक्का बंद झालं आणि त्या वह्या अडगळीत गेल्या.

ई-लोरानने या दोन्ही दुखण्यांवर उपाय केला. ते स्पंदनं पाठवतं. जमिनीलगतची लहर आधी पोचते, आकाशातली थोडी मागाहून. यंत्र सुरुवातीचाच भाग मोजतं. एका मायक्रोसेकंदाची चूक म्हणजे 300 मीटर, त्यामुळे जमिनीमुळे होणारा उशीर जहाजं फिरवून मोजला, बंदरांत संदर्भकेंद्रं बसवली. बंदराजवळ दहाएक मीटरपर्यंत अचूकता मिळू लागली. 2014 मध्ये डोव्हरसह पूर्व किनाऱ्यावर ही सेवा सुरू झाली. 2015 अखेर फ्रान्स आणि नॉर्वेने आपली केंद्रं बंद केली आणि सगळं मुसळ केरात! एकट्या अँथॉर्नवरून वेळ कळते, जागा नाही.

गरज मात्र आधीच दिसली होती. 2008 मध्ये फ्लॅम्बरो हेडजवळ इथल्या दीपगृह खात्यांनी ‘पोल स्टार’ जहाजावर मुद्दाम जीपीएस जॅम करून पाहिलं. पडद्यावर खोट्या जागा दिसू लागल्या, एकामागून एक अलार्म वाजले. ई-लोरान शांतपणे चालू राहिलं. उपग्रहाचा संदेश वीस हजार किलोमीटरवरून येतो, दुबळा असणारच. 2023 च्या सरकारी आराखड्यात ई-लोरान पुन्हा उभारण्याचा प्रस्ताव आला. फार उशिरा, असं माझं मत.

माझी नात यंदा डेक कॅडेट म्हणून बाल्टिकमध्ये आहे. परवा फोनवर म्हणाली, “आजोबा, जीपीएस आमचं जहाज विमानतळावर दाखवत होतं.”

“मग?”

“सेकंड मेटनी रडारवर एक दीपगृह आणि एक भूशीर धरायला लावलं. अंतरं मी मांडली.”

“आणि कॅप्टनना उठवलं की नाही?”

“ते आधीच!”