वस्तादांचं देणं

गाडीत सबवूफर कुठं बसवायचा असं विचारलं की बहुतेक दुकानदार सरळ डिकीचं दार उघडतात. बारा इंची स्पीकर, लाकडी खोकं, वरून जाळी, झालं काम. कोल्हापुरात शाहूपुरीतल्या एका गल्लीत गाड्यांचं वायरिंग करणाऱ्या आणि टेप बसवणाऱ्या वस्तादांनी मात्र डिकीकडं न बघताच मला विचारलं, "ऐकणारं माणूस कुठं बसतंय?" त्यांना सगळी गल्ली वस्तादच म्हणते, आम्हीही तेच म्हणतो. त्यांचं जे देणं माझ्यावर आणि त्याहून जास्त माझ्या वडिलांवर आहे, ते कुठंतरी लिहून ठेवावं असं फार दिवस मनात होतं.

ऐकणारं माणूस म्हणजे अण्णा. इचलकरंजीत 1904 साली विठ्ठलराव दातारांनी पहिला यंत्रमाग आणला आणि पुढं गावाचं गाव मागावर उभं राहिलं. अण्णांचं सगळं आयुष्य त्याच मागांत गेलं. ते जॉबर होते, म्हणजे बिघडलेला माग दुरुस्त करणारे. धोटा या टोकाकडून त्या टोकाकडं आपटत असतो, शेजारी तसेच आणखी माग चालू असतात आणि वरती पत्रा. अशा कारखान्यात आवाज 90 डेसिबलच्या वरच असतो. जॉबरला तर मागाला कान लावून दोष शोधावा लागतो. कानात बोळे घालायची पद्धत त्या काळात कुणाला ठाऊक नव्हती.

निवृत्तीनंतर कान तपासले तेव्हा डॉक्टरांनी आलेख दाखवला. डावीकडं, जाड आवाजांच्या बाजूला रेघ बरीचशी जागेवर होती. उजवीकडं, 4000 हर्ट्झच्या आसपास ती कोसळलेली. मागावरच्या माणसांचे कान असेच जातात, आधी बारीक आवाज जातो. स, श, फ, त ही अक्षरं त्या बारीक आवाजात असतात, त्यामुळं समोरचा बोलतोय हे कळतं, पण काय बोलतोय ते कळत नाही. अण्णा नेहमी म्हणायचे, "ऐकू येतंय रे, पण समजंना झालंय." त्याचा नेमका अर्थ मला त्या आलेखावर दिसला.

अण्णा जुने भजनी. पखवाज वाजवायचे. गल्लीतल्या मंडळात एकादशीला त्यांचा हात असायचाच. गाडीत बसले की भजन लावायला सांगायचे आणि थोड्या वेळानं बंद कर म्हणायचे. कारण समजायला मला वेळ लागला. गाडी चालू लागली की रस्त्याचा आणि टायरचा घुमारा जाड आवाजांतच असतो, तो पखवाजाची डावी बाजू गिळून टाकतो. दारातले छोटे स्पीकर मुळात तितकं खाली उतरतच नाहीत. आवाज वाढवावा तर टाळ तेवढे वाढायचे. कमी ऐकू येणाऱ्या कानाला मोठा आवाज सोसत नाही, हे आणखी एक. टाळ टोचायचे आणि पखवाज यायचाच नाही. म्हणजे अण्णांचा जो आवाज शाबूत राहिला होता, नेमका तोच त्यांना गाडीत मिळत नव्हता. म्हणून सबवूफर.

आमची वॅगन-आर सीएनजीवर चालते. डिकीत सिलिंडर आडवा, शेजारी जेमतेम एका पिशवीची जागा. आधी ज्या दुकानात विचारलं तिथं सिलिंडरच्या चौकटीवरच पट्टी मारून वर खोकं ठेवायची तयारी होती. वस्तादांनी ते ऐकलं आणि हातातला टेस्टर खाली ठेवला.

"भरला की आत दोनशे बारचा दाब असतोय त्यात. त्या चौकटीत एक स्क्रूसुद्धा न्हाई मारायचा. व्हॉल्व्हपर्यंत हात कवाबी पोचला पायजे. आणि तीन वर्सानं हायड्रो टेस्टला सिलिंडर बाहेर काढायचा असतोय, तवा तुमचं खोकं कोण उचलणार?"

यानंतर त्यांनी जागा शोधायला घेतली. त्यांच्याकडं चाचणीसाठी एक आठ इंची बंद खोकं होतं, लांबलचक वायर लावलेलं. मला वाटलं, ते आता एकेका ठिकाणी ठेवून वाजवून बघतील. त्यांनी ते उचलून पुढच्या डाव्या सीटवर, अण्णांच्या जागी ठेवलं. खाली पोतं अंथरलं, चारी काचा वर केल्या आणि मोबाइलवरून नुसते सूर सोडायला सुरुवात केली. 40 हर्ट्झ, 50, 63, 80. मग स्वतः गाडीत शिरून जिथं जिथं सबवूफर बसू शकेल तिथं तिथं कान नेऊन ऐकू लागले. मागच्या सीटच्या पायाशी, डॅशबोर्डच्या खाली, सीटच्या पट्ट्यांमध्ये, डिकीत सिलिंडरच्या बगलेला. साठीतला माणूस, गुडघे मोडून, कान मॅटला टेकवून पडलेला, आणि एक हात पत्र्यावर, थरथर कुठं होतेय ते बघायला.

या उलट्या पद्धतीला भक्कम आधार आहे. आवाज करणारा आणि ऐकणारा यांनी जागा बदलल्या तरी त्यांच्यामधल्या वाटेचा परिणाम तोच राहतो. घरात सबवूफर लावणारे जाणकारही हेच करतात, सबवूफर कोचावर ठेवतात आणि स्वतः भिंतीकडेनं रांगत फिरतात. वस्तादांनी हे कुणाकडून उचललं ते मी विचारलं नाही. मला एवढं दिसलं की अण्णांच्या सीटवरून सुटलेला सूर ज्या कोपऱ्यात नीट पोचतो, त्या कोपऱ्यातून सुटलेला सूर अण्णांपर्यंत नीट येणार, याची त्यांना खात्री होती.

"हे 40, 50 सगळीकडं सारखंच हाय बघा," ते आतून म्हणाले. "भांडण वरच्याचं हाय. 63 आणि 80 डिकीत पोकळ होतंय."

घरी येऊन मी गणित मांडलं. आवाज सेकंदाला साधारण 344 मीटर जातो. त्या हिशेबानं 40 हर्ट्झची एक लाट साडेआठ मीटरहून लांब भरते, आणि आमची गाडी बाहेरून मोजली तरी चार मीटरच्या आत. एवढी लाट गाडीत मावतच नाही. तिथं नुसता दाब वरखाली होतो आणि बंद काचांच्या आत तो सगळीकडं जवळपास सारखा असतो. म्हणूनच काच खाली केली की जाड आवाज एकदम पडतो. त्याच्या वरचे सूर मात्र गाडीत मावू लागतात, पुढंमागं आपटतात, कुठं वाढतात, कुठं मरतात. जागेचा प्रश्न खरा तिथला. बारा इंची की आठ इंची याची चर्चा सगळे करतात, कारण ते विकता येतं. जागेची चर्चा फार थोडे करतात, कारण तिला वेळ द्यावा लागतो आणि त्या वेळेचं बिल करता येत नाही.

सगळ्यात दमदार जागा निघाली डॅशबोर्डखालची, डाव्या पायाशी. तिथं अण्णांनी पाय कुठं ठेवायचे? मागच्या सीटच्या पायाशीही चांगलं येत होतं, पण तिथं आई बसते आणि तिला गुडघा लांब करून बसावं लागतं. उरली अण्णांच्याच सीटखालची. तिथं बसेल असा चपटा, आतच अॅम्प्लिफायर असलेला आठ इंची सबवूफर मिळतो. वस्तादांनी आधीच सांगून टाकलं, "ह्यानं काचा हादरणार न्हाईत. बाराचं काम आठ करत न्हाई. पण काकांना काचा हादरवायच्या न्हाईत, पखवाज ऐकायचाय. आणि हे सीटमधनं पाठीला बी लागंल." डिकीतल्या मोठ्या खोक्यात त्यांना जास्त पैसे सुटले असते. माझी तयारीही होती.

जागा ठरली म्हणून त्यांनी लगेच ड्रिल उचललं नाही. आधी त्या सीटसमोरच्या मॅटखाली हात घालून गालिचा दाबून बघितला. एसीच्या पाण्याची नळी तुंबली की पाणी आत, नेमकं डाव्या बाजूच्या पायाशी उतरतं, आणि सीटखाली मशीन बसवल्यावर ते पहिल्यांदा त्याच्यात जातं. गालिचा कोरडा होता. तरी त्यांनी नळी साफ केली आणि खोक्याखाली रबराचे तुकडे देऊन ते जमिनीपासून उचलून धरलं. मग टॉर्च घेऊन गाडीखाली झोपले, कारण तळाच्या पत्र्याखालून पेट्रोलची, ब्रेकची आणि गॅसची नळी गेलेली असते. शेवटी भोक पाडलंच नाही, सीटच्या पट्टीला क्लॅम्प धरून पत्र्यावर बसवलं. सीटबेल्टच्या बोल्टला हात लावला नाही. सीटखाली पिवळं कनेक्टर दिसलं तर ते एअरबॅगचं, त्याच्या वाटेला जायचं नाही, हे हाताखालच्या पोराला त्यांनी माझ्यादेखत बजावलं. सीट पुढंमागं सरकवून वायरीला किती ढील लागते ते बघितलं. बॅटरीपासून वीतभर अंतरात फ्यूज घातला, करंटची वायर एका बाजूनं आणि आवाजाची दुसऱ्या बाजूनं नेली, आणि अर्थिंगच्या जागी रंग घासून पत्रा चकचकीत केला. हे सगळं गालिचाखाली झाकलं गेलं. कुणाला कधी दिसणार नाही.

मग अण्णांना बसवलं. मी भजनाचं रेकॉर्डिंग लावलं आणि सवयीनं त्यांच्या कानाशी जाऊन ओरडू लागलो, "अण्णा, येतंय का ऐकू?" वस्तादांनी मला खांद्याला धरून बाजूला घेतलं. "त्यांच्या हाताकडं बघा," म्हणाले. अण्णांचे हात मांडीवर होते. वस्तादांनी फेजचं बटण एकीकडं केलं, हात तसेच राहिले. दुसरीकडं केलं. पुढचे स्पीकर आणि सीटखालचा, दोघांचा आवाज आता एका दिशेनं ढकलू लागला असणार, कारण अण्णांच्या डाव्या हाताची बोटं उचलली गेली आणि मांडीवर ठेका सुरू झाला. धुमाळी. डावा हात जोरात, उजवा नुसता स्पर्शापुरता.

थोड्या वेळानं ते म्हणाले, "पखवाज बराय, पण कणीक कमी लावलीया."

पखवाजाच्या डाव्या पुडीला ओली कणीक लावतात. ती जितकी जास्त, तितका आवाज खाली उतरतो. वस्तादांना हे कळायला एक क्षणही लागला नाही. त्यांनी स्क्रू-ड्रायव्हरनं वरचे सूर अडवणारा फिल्टर थोडा खाली आणला आणि आवाज केसभर वाढवला. "आता?"

"आता लई झाली. पचपच येतोय."

पुन्हा मागं. असं बराच वेळ चाललं. एक दारातून वाकलेला, दुसरा सीटवर डोळे मिटून बसलेला, आणि बोलणं सगळं कणकेचं. हर्ट्झ आणि डेसिबलचा एक शब्द निघाला नाही. इतक्या वर्षांत अण्णांशी कुणी इतका वेळ, न ओरडता, त्यांच्या माहितीतल्या विषयावर बोललेलं मी पाहिलं नव्हतं. घरातले आम्ही सगळे त्यांच्याशी थोडक्यात बोलायचो, कारण प्रत्येक वाक्य दोनदा सांगावं लागायचं. वस्तादांनी वाक्यं कमी केली आणि वेळ वाढवला. मी ऋण म्हणतो ते याला. सबवूफरचे पैसे मी दिले, पावती आहे.

शेवटी नंबर प्लेट खडखडू लागली होती, तिच्यामागं त्यांनी डॅम्पिंग शीटचा तुकडा चिकटवला आणि निघताना मला बाजूला घेऊन सांगितलं, "हे कानाचं औषध न्हवं. डॉक्टर म्हंतात ती मशीन घ्याच. आणि आवाज ह्याच्यावर न्हेऊ नका. ऱ्हायलेलं कान ऱ्हाऊ द्या." अण्णा मशीनला कधी तयार होत नव्हते. वस्ताद म्हणाले म्हणून झाले. बोलणं त्यांना आता बरंच समजतं, आणि गाडीत बसल्यावर ते मशीन काढून खिशात ठेवतात.

हायड्रो टेस्टचं वर्ष आलं तेव्हा सिलिंडर निघाला, तपासून आला, परत बसला. आमच्या पुढं जी गाडी होती तिच्या डिकीतलं खोकं, अॅम्प्लिफायर, वायरी असं सगळं सोडवण्यात तिच्या मालकाचा दिवस गेला. मी तिथूनच वस्तादांना फोन लावला. ते म्हणाले, "काका कसं हायत?"

अण्णांनी या देण्याची फेड आपल्या परीनं सुरू केली आहे. सीटखाली धूळ जाते म्हणून त्यांनी सबवूफरवर घालायला ओळखीच्या कारखान्यातलं एक विरळ विणीचं सुती कापड नेऊन दिलं. वस्तादांनी ते तोंडासमोर धरलं आणि फुंकर मारली. पलीकडं धरलेला कागद हलला. स्पीकरच्या कापडाची परीक्षा हीच, श्वास पार जातो त्यातून आवाजही जातो. त्यांना ते इतकं पसंत पडलं की आता इतर गिऱ्हाइकांच्या जाळ्यांनाही तेच लावतात. कापडाचे पैसे अण्णा घेत नाहीत, आणि पैसे न घेतलेलं कापड वस्ताद ठेवून घेत नाहीत. त्यावर त्यांची दुकानाच्या दारात जुंपते, तेव्हा अण्णांना एकही वाक्य दोनदा सांगावं लागत नाही. या खेपेला काळं पाच मीटर मागितलं आहे. ते सिलिंडरशेजारच्या पिशवीएवढ्या जागेत घडी घालून ठेवलं आहे, शनिवारी कोल्हापूरला जाताना द्यायचं आहे.