घोळाची कोशिंबीर

आमच्या वसईच्या किनारपट्टीत ‘घोळ’ हा शब्द उच्चारला की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे प्रथम मासळी उभी राहते. तिच्या पोटातल्या बोताला मोठा भाव येतो, आणि एखाद्या नशीबवान नाखव्याच्या जाळ्यात घोळी सापडल्या तर त्याची बातमी वर्तमानपत्रात छापून येते. त्याच नावाची एक पालेभाजी आहे. तिची बातमी कधी छापून आलेली नाही. वाडीत ती कुणी लावत नाही. ती आपण होऊन उगवते आणि खुरप्याच्या टोकाने बाहेर जाते. आज मी लिहिणार आहे ते या दुसऱ्या घोळाविषयी, आणि त्याच्या एका अगदी साध्या कोशिंबिरीविषयी.

ज्यांचे बालपण वाडीत गेले त्यांना घोळाची ओळख करून देण्याची गरज नाही. इतरांसाठी दोन शब्द सांगतो. हे जमिनीसरसे पसरणारे, तांबूस रसाळ देठांचे रोप. पाने लहान, जाड, चमच्याच्या आकाराची. सकाळच्या उन्हात काही तासांपुरती इवली पिवळी फुले उमलतात. फुलानंतर येणारे बोंड म्हणजे झाकणाची डबीच. झाकण उडाले की बारीक काळे बी मातीत सांडते आणि वर्षानुवर्षे तिथे दबा धरून राहते. उपटून बांधावर टाकला तरी घोळ लगेच मरत नाही. अंगातल्या ओलाव्यावर दिवस काढतो आणि एखादी सर येताच पुन्हा मुळे धरतो. माझे वडील म्हणत, “घोळ उपटावा आणि उचलून न्यावा, नाहीतर उपटलाच नाही असे समजावे.”

१९७२ साली महाराष्ट्रात दुष्काळ पडला तेव्हा मी दहा वर्षांचा होतो. मराठवाड्यात जी होरपळ झाली तिची आम्हांला कल्पनाही नव्हती. परंतु आमच्या घरापुरते ते वर्ष वाईटच गेले. वडील आजाराने अंथरुणाला खिळले होते. भाजीच्या टोपल्या घेऊन पहाटेच्या गाडीने दादरला जाणारे दुसरे कुणी नव्हते. रेशनवर तांबडा मिलो मिळे, त्याच्या भाकऱ्या होत. पुढच्या फेब्रुवारीतच विहिरीचे पाणी मचूळ लागू लागले आणि वांग्यामिरच्यांनी माना टाकल्या. घोळाला मात्र खाऱ्या मातीचे वावडे नाही. विहिरीच्या थारोळ्याभोवती तो हिरवागार पसरला होता. आई तो खुडून आणी, कांद्यावर परती आणि भाकरीबरोबर माझ्या डब्यात घाली.

शाळेत एका मुलाने डब्यात डोकावून विचारले, “हा बैलाचा चारा तू खातोस?” सगळे हसले. त्या दिवसापासून मी मधल्या सुट्टीत शाळेमागच्या बावखलावर जाऊ लागलो. डब्यातली भाजी-भाकरी पाण्यात टाकायची, डबा विसळायचा, ओंजळीने पाणी प्यायचे आणि वर्गात येऊन बसायचे. संध्याकाळी रिकामा डबा पाहून आई समाधानाने विचारी, “आवडली ना रे भाजी?” मी मान डोलवी. मुलाला आवडते म्हणून ती दुसऱ्या दिवशी थोडी अधिक भाजी घाली. ती अधिकची भाजी कुणाच्या वाट्यातून येत होती, हे समजण्याचे माझे वय नव्हते, असे मी पुढे बरीच वर्षे स्वतःला सांगत आलो. खरे तर समजत होते.

१९८४ साली मी नोकरीसाठी कुवेतला गेलो. त्या काळी आमच्या भागातील कितीतरी घरांतला एखादा मुलगा आखातात असे. माझ्या शेजारच्या खोलीत लेबनॉनचा एक वयस्क स्वयंपाकी राहत होता. शुक्रवारी सुट्टी असली की तो आपल्या देशाची कोशिंबीर करी. तिला ‘फत्तूश’ म्हणतात. एकदा त्याने बाजारातून आणलेली पिशवी ओट्यावर रिकामी केली, आणि काकडी-टोमॅटोंबरोबर घोळाची भली मोठी जुडी बाहेर पडली. कुवेतमध्ये तिला ‘बर्बीर’ म्हणत, तो ‘बकले’ म्हणे. पैसे मोजून घेतलेला घोळ मी जन्मात प्रथमच पाहत होतो.

तो कोवळे शेंडे हातानेच खुडत होता. त्यांत त्याने काकडी, टोमॅटो, कांदा, पुदिना मिसळला. लसूण ठेचून लिंबाच्या रसात आणि ऑलिव्हच्या तेलात कालवला. सुमाक नावाची आंबट तांबडी पूड भुरभुरली. कडक भाजलेल्या रोटीचे तुकडे वरून पसरले. मीठ अगदी शेवटी, ताटे मांडल्यावर. आधी घातले तर पाल्याला पाणी सुटते, असे त्याचे सांगणे. कच्चा घोळ दाताखाली कुरकुरला. आंबट, किंचित खारट, थोडासा बुळबुळीत. पण काकडीच्या संगतीत तो बुळबुळीतपणाही सुखद वाटला. मी दोनदा वाढून घेतले. ही भाजी आमच्या वाडीत तण म्हणून उगवते, हे मात्र मी त्याला सांगितले नाही.

२ ऑगस्ट १९९० रोजी इराकचे सैन्य कुवेतमध्ये शिरले. बगदादमार्गे जॉर्डन, तेथे छावणीत काढलेले दिवस, मग अम्मानचा विमानतळ. त्या दोन-अडीच महिन्यांत एअर इंडियाच्या विमानांनी १,७०,००० हून अधिक भारतीयांना मायदेशी आणले. त्यांपैकी मी एक. सप्टेंबरात घरी पोहोचलो तेव्हा माझ्याजवळ एक हातपिशवी होती. साठवलेले पैसे तिकडच्या बँकेत अडकले होते. इकडे घराच्या नव्या छपराचे कर्ज फिटायचे होते आणि धाकट्या बहिणीचे लग्न ठरले होते. आईने त्यातले काही बोलून दाखवले नाही. ती रोज बाजारातून मासळी आणी आणि मोठा तुकडा माझ्या पानात वाढी.

दहाबारा दिवसांनी सकाळी वाडीत फिरताना वाफ्यांच्या कडेने पसरलेला घोळ दिसला. पाऊस ओसरत आला होता, पाला कोवळा होता. आज आपण काहीतरी करून घरच्यांना खाऊ घालावे, असे मनात आले. दोन मुठी शेंडे खुडले, तीन पाण्यांत धुऊन फडक्यावर निथळत ठेवले. एक काकडी, दोन टोमॅटो, एक लहान कांदा चिरला. ऑलिव्हचे तेल कुठले आणायचे? घरात तिळाचे होते, ते चमचाभर घेतले. अर्धे लिंबू, लसणीची एक पाकळी, पुदिन्याची चार पाने, आणि रोटीऐवजी शिळा पाव तव्यावर कडक भाजून त्याचे तुकडे. सुमाक नव्हते, त्याची उणीव लिंबाने भरून काढली.

जेवायला बसल्यावर आईने वाडग्यात पाहिले.

“हे काय?”

“घोळ. कुवेतला अशी कोशिंबीर करतात. खाऊन तर बघ.”

ती काही वेळ वाडग्याकडे पाहत राहिली. मग म्हणाली, “सहा वर्षं परदेशात राहिलास, आणि शेवटी घोळच खाऊ घालायला आलास होय?”

तिचा आवाज चढला नव्हता. चढला असता तर बरे झाले असते. जी भाजी माझ्या लेखी शुक्रवारच्या सुट्टीची होती, ती तिच्या लेखी तांबड्या मिलोची, मचूळ पाण्याची आणि वडिलांच्या आजारपणाची होती. मुलाला परदेशी धाडून तिने जी गोष्ट दाराबाहेर काढली होती, तीच मी ओट्यावर आणून, वर लिंबू पिळून, तिच्यापुढे ठेवली होती. मी वाडगा उचलायला हात पुढे केला आणि, कसे कुणास ठाऊक, अठरा वर्षे पोटात ठेवलेले बोलून गेलो.

“आई, शाळेत असताना तू डब्यात ही भाजी द्यायचीस ना? मी ती खात नव्हतो. बावखलात टाकून देत होतो. मुलं हसायची.”

बहिणीने जेवता जेवता हात थांबवला. आई रागावेल, रडेल, निदान त्या दिवसांतल्या आपल्या उपाशीपणाची आठवण देईल, असे मला वाटले. तिने विचारले,

“मग दुपारी तू काय खायचास?”

“काही नाही.”

“किती दिवस?”

“ईस्टरच्या सुट्टीपर्यंत.”

ती उठली. मिठाची बरणी घेऊन आली, चिमूटभर मीठ वाडग्यात टाकले, हाताने कालवले आणि एक पान तोंडात टाकून पाहिले. “मीठ कमी होतं,” ती म्हणाली. मग तिने ती कोशिंबीर माझ्या पानात वाढली आणि मी ती संपवीपर्यंत समोर बसून राहिली. माझे वय तेव्हा अठ्ठावीस वर्षांचे होते.

ही कोशिंबीर कुणाला करून पाहावीशी वाटली तर अनुभवाच्या चार गोष्टी सांगून ठेवतो. घोळ खुडताना देठ मोडून पाहावा. पांढरा चीक आला तर तो घोळ नव्हे. जमिनीवर तसेच पसरणारे दुसरे चिकाळ रोप आहे, आणि ते खाण्याचे नाही. रस्त्याच्या कडेचा, गटाराजवळचा किंवा तणनाशक फवारलेल्या जागेतला पाला घेऊ नये. उन्हाची ताप सोसणारा घोळ रात्री पानांत आम्ल साठवतो आणि दिवसा ते वापरतो. म्हणून आंबटपणा हवा असेल तर सकाळी खुडावा, सौम्य हवा असेल तर संध्याकाळी. त्याच्यात ऑक्झॅलिक आम्ल पुष्कळ असते, तेव्हा मूतखड्याचा त्रास असणाऱ्यांनी त्याच्या वाटेला जाऊ नये. बाकीच्यांनी बेताने खावा. मासळीच्या तेलामुळे आपल्याला ठाऊक झालेल्या ओमेगा-३ गटातले एक स्निग्धाम्ल या पानांतही असते, आणि पालेभाज्यांत ते इतक्या प्रमाणात क्वचितच आढळते.

बऱ्याच वर्षांनी ईयोबाचा ग्रंथ वाचत असताना सहाव्या अध्यायातल्या सहाव्या वचनापाशी मी थांबलो. सर्वस्व गमावलेला तो माणूस विचारतो की, अळणी अन्न मिठावाचून कुणाच्या घशाखाली उतरेल? त्याच वचनात तो आणखी एका बेचव पदार्थाचा उल्लेख करतो. तेथील मूळ हिब्रू शब्द इतका दुर्मीळ आहे की त्याच्या अर्थाविषयी भाषांतरकारांत एकमत नाही. काही त्याला अंड्याचा पांढरा भाग म्हणतात. काही म्हणतात, तो घोळाचा बुळबुळीत रस. मला अर्थातच दुसरा पक्ष पटतो, आणि त्यामागचे माझे कारण पांडित्याचे नाही. ईयोबाच्या मित्रांनी त्याच्या दुःखाची कारणे त्याला समजावून सांगितली. माझ्या आईने कारणे विचारली नाहीत आणि सांगितलीही नाहीत. पोर त्या दुपारी उपाशी राहिले होते, एवढेच तिला ऐकू आले.

आई २०११ साली गेली. वाडीचा निम्मा भाग आता इमारतीखाली आहे. उरलेल्या निम्म्यात पहिल्या पावसानंतर घोळ येतो, आणि इमारतीच्या अंगणातल्या फरशांच्या फटींतूनही येतो. गेल्या पावसाळ्यात मी कोशिंबीर केली तेव्हा आठ वर्षांच्या नातीने वाडगा बोटाने दूर सारला. या पानांचे गुण तिला सांगावेत म्हणून मी घसा खाकरला, आणि मग गप्प राहिलो.

“मग तू काय खाशील?” मी विचारले.

“अंडं.”

मी अंडे उकडून दिले. मीठ तिने आपल्या हाताने घातले.