जुगाराच्या घोड्यांची डॉक्टरीण

येळ्ळूर, जि. बेळगाव
5 ऑक्टोबर 2025

चि. भाचेबाईस,


तुझं आपट्याचं पान मोबाईलवर पोचलं. सोनं असं पडद्यावरून लुटायची रीत मला काही पटत नाही. पण दसऱ्याचं सीमोल्लंघन तू एकटीनंच खरं केलंस, आमचं सीमाभागातल्यांचं 1956 पासून अडलेलंच आहे, तेव्हा तुला बोलायचा मला अधिकार नाही.

तुझ्या आईनं मला पुण्याला कशाला पाठवलं होतं ते तू ओळखलंच असशील. "जुगाराच्या घोड्यांची डॉक्टरीण झालीया ती. मामा म्हणून जरा चार गोष्टी सांग," असं आक्कानं बजावलं होतं. मी एकही गोष्ट सांगितली नाही. दिवसभर तुझ्या मागं हिंडून घोडे तेवढे बघितले. आता जे सुचतंय ते लिहितो. आक्काला वाचून दाखवलंस तरी चालेल, एक-दोन ठिकाणं गाळून.

शर्यत म्हणशील तर मला फारशी दिसलीच नाही. सव्वा-दीड मिनिटाचा तो मामला. लोक उभे राहिले, ओरडले, बसले, आणि रंगीत टोप्या निघून गेल्या. मी खरा रमलो तो पॅडॉकच्या कठड्याशी. मोतद्दार लगाम धरून घोडे गोल फिरवत होते, त्यात ती तपकिरी घोडी होती, आठवते? कातडी इतकी पातळ की मानेवरची शीर न् शीर मोजावी. मागच्या दोन मांड्यांच्या मध्ये मात्र घामाचा पांढरा फेस आला होता, साबण लावून धुवायचं राहून गेल्यासारखा. तू हळूच म्हणालीस, "मामा, ही इथंच निम्मी पळून झाली." शेजारी एक म्हातारे गृहस्थ पेन्सिल घेऊन रेसबुकात खुणा करत होते. तुझं वाक्य ऐकून त्यांनी त्या घोडीपुढची खूण मुकाट्यानं खोडली. मला तिथंच समजलं की या धंद्यात बघणं ही विद्या आहे.

दुसरी मौज तराजूची. जॉकीला खोगिरासकट तोलायचं, कमी भरला तर खोगिराखालच्या कापडाच्या खिशात शिशाच्या पट्ट्या घालायच्या, आणि शर्यत झाल्यावर पुन्हा तोलायचं. हॅन्डिकॅपच्या शर्यतीत चांगल्या घोड्यावर जास्त ओझं, कच्च्यावर कमी, म्हणजे सगळे एकाच वेळी पोचायला हवेत असा हिशेब. आपल्या यात्रेत 'तुमचा बैल फार पळतोय, गाडीत दोन धोंडे घाला' असं पंचांनी म्हणून तर बघावं. डोकी फुटतील.

बेळगावात कॅम्पाच्या बाजूला गोल्फ मैदानाजवळ आपलंही 'रेसकोर्स' आहे. तिथं घोड्यांची शर्यत मी तरी उभ्या जन्मात पाहिली नाही. नाव मात्र गोऱ्या पलटणीच्या काळापासून चिकटलेलं. 2022 च्या ऑगस्टमध्ये त्या झाडीत बिबट्या शिरला, शाळांना सुट्ट्या दिल्या, सक्रेबैलहून हत्ती आणले, तरी तो सापडला नाही. आमच्या रेसकोर्सवर गाजलेलं जनावर ते एवढंच. पुण्याचं तसं नाही. लष्कराच्या जागेवर 1830 पासून तिथं घोडे पळतायत. मुंबईत आधी भायखळ्याला आणि 1883 पासून महालक्ष्मीला. पंचम जॉर्जनं 1935 मध्ये क्लबाला 'रॉयल' पदवी दिली, ती रॉयल वेस्टर्न इंडिया टर्फ क्लब अजून मिरवतो. पावसाळ्यात पुणे, हिवाळ्यात मुंबई, असा घोड्यांचा हंगाम. आणि त्या साहेबी थाटात घोड्याच्या पाठीवर बसणारी माणसं कोण? पांडू खाडे, वसंत शिंदे! ही नावं ऐकून मला बरं वाटलं.

पण तू मला जे खरं दाखवलंस ते मैदानावर नव्हतंच, ते कागदावर होतं. जगातल्या प्रत्येक थरोब्रेडचा, म्हणजे शर्यतीच्या जातिवंत घोड्याचा, बाप, त्याचा बाप असं मागं मागं गेलं की बायर्ली टर्क, डार्ली अरेबियन, गोडॉल्फिन अरेबियन या तिघांपैकी एकाशी जाऊन पोचतं. इंग्लंडात त्यांची वंशावळ 1791 पासून छापली जाते. आपल्या देशातलं वंशावळीचं दफ्तर पुण्यात आहे. शिंगरू जन्मलं की रक्ताची तपासणी, आईबापाशी ताडून बघणं, मगच नोंद. नर-मादीचा प्रत्यक्ष संग झाला नसेल तर ते शिंगरू कितीही देखणं असो, वंशावळीत त्याला जागा नाही. जिथं म्हशीसाठी दवाखान्यातून रेताची कांडी मोटारसायकलवरून येते, त्या गावच्या माणसाला हे ऐकून हसूच येणार.

त्या कागदाची ताकद बघ. बडोद्याच्या प्रतापसिंहराव गायकवाडांनी 1945 मध्ये इंग्लंडच्या लिलावात वर्षाचं एक शिंगरू 28,000 गिनींना घेतलं. एवढी बोली तिथं तोवर कुठल्या शिंगराला लागली नव्हती. कारण काय, तर त्याचा सख्खा भाऊ डान्टे त्याच साली डर्बी जिंकला होता. नाव ठेवलं 'सयाजीराव'. आजोबांचं! आपल्याकडं बैलाला आजोबांचं नाव ठेवलं असतं तर भाऊबंदांनी वाळीतच टाकलं असतं. पण घोड्यानं नाव राखलं, 1947 मध्ये आयरिश डर्बी आणि सेंट लेजर दोन्ही मारल्या. पुढच्या वर्षी त्यांचाच 'माय बाबू' टू थाउजंड गिनीज जिंकला. आपल्या देशात 1943 मध्ये पहिली इंडियन डर्बी झाली, ती जिंकणारी प्रिन्सेस ब्युटिफुलही बडोद्याचीच. राजेसाहेबांचं पुढं 1951 मध्ये सरकारनं राजेपदच काढून घेतलं. 'माय बाबू' मात्र अमेरिकेत गेला, त्याला 'केरळा' नावाची मुलगी झाली, आणि तिचा मुलगा डमॅस्कस 1967 मध्ये अमेरिकेतला त्या वर्षीचा सर्वोत्तम घोडा ठरला. गादी बुडाली तरी बाबूचा नातू कुठं पळाला हे कुणीही दफ्तर उघडून सांगतं.

आता तुझ्या आजोबांचा सर्ज्या बैल आठव. कारहुणवीच्या बैलांच्या सणाला कर तोडायचा तर सर्ज्यानंच. त्याचा बाप कोण? थोरला मामा म्हणतो चिकोडीच्या बाजारातला, धाकटा म्हणतो संकेश्वरचा. खिलार होता एवढं नक्की. बाकी आजोबांबरोबर गेलं.

आणि कागद नसला की काय होतं ते आम्हां येळ्ळूरकरांना कुणी शिकवायला नको. सर्वोच्च न्यायालयानं 1996 मध्ये निकाल दिला की घोड्यांची शर्यत हा कौशल्याचा खेळ, जुगार नव्हे. घोड्याची पैदास, त्याची तयारी, जॉकीचं कसब हे सगळं जोखता येतं, म्हणून. जोखता येतं कारण लिहिलेलं असतं. त्या खटल्यात घोड्याच्या पाठीवरच्या चाबकाचा प्रश्नच नव्हता. त्याच न्यायालयानं 7 मे 2014 ला बैलांच्या शर्यती बंद केल्या, छळ होतो म्हणून. आणि जुलैत आपल्या वेशीवरचा 'महाराष्ट्र राज्य' फलक उखडला. एका उन्हाळ्या-पावसाळ्यात दोन्ही गेलं.

छळ होत नव्हता असं मी म्हणणार नाही. काठीला खिळे ठोकणारे, शेपूट दातानं चावणारे मी डोळ्यांनी बघितलेत, आणि ते बंद झालं हे बरंच झालं. पण पुढची गंमत ऐक. कर्नाटकानं कंबळ्यासाठी, म्हणजे रेड्यांच्या शर्यतीसाठी, कायदा बदलला त्यात बैलगाडीही आली. महाराष्ट्रानंही 2017 मध्येच कायदा केला, पण त्याला स्थगिती मिळाली, ती 2021 च्या डिसेंबरात उठली. म्हणजे मधली काही वर्षं निपाणीत बैल पळवला तर खेळ आणि कागलला पळवला तर गुन्हा. बैलाला कुठं माहीत सीमाप्रश्न! शेवटी 18 मे 2023 ला पाच न्यायमूर्तींनी सगळ्यांचे कायदे उचलून धरले तेव्हा नऊ वर्षांचं गुऱ्हाळ संपलं.

आक्काच्या जुगाराबद्दल. जुगार आहेच, मी नाकारत नाही. बुकीपुढं उभी राहिलेली ती तोंडं बघून पोटात कालवलं. सरकारही आता पैजेच्या पूर्ण रकमेवर 40 टक्के कर लावतं, 2025 च्या सप्टेंबरपासून. त्यानं पैज लावणारा सुधारेल असं मला वाटत नाही. तो चोरट्या बुकीकडं जाईल आणि मैदानावरचा मोतद्दार उपाशी मरेल. (हे आक्काला वाचू नकोस. ती म्हणेल, मरू देत.)

तिला हे मात्र जरूर वाच. दोन वर्षांमागं भातकापणीत धाकट्या मामाला घोणस चावली. सिव्हिलमध्ये विषावरच्या औषधाच्या बाटल्यांमागून बाटल्या चढवल्या, तेव्हा तो वाचला. ते औषध घोड्याच्या रक्तातनंच निघतं. नाग, मण्यार, घोणस, फुरसं यांचं विष घोड्याला थोडं थोडं टोचतात, त्याचं रक्त त्यावर उतारा तयार करतं, आणि तो उतारा आपल्याला मिळतो. धनुर्वाताचा उताराही असाच. पुण्याच्या पूनावालांच्या स्टडमधले शर्यतीतून निवृत्त झालेले घोडे याच कामासाठी हाफकिनला जात. आपलेच घोडे आहेत तर हा उतारा आपणच का करू नये, या विचारातून सायरस पूनावालांनी 1966 मध्ये सीरम इन्स्टिट्यूट काढली. करोनात आक्कानं दंडावर घेतलेली कोविशील्ड त्याच कारखान्याची. तेव्हा जुगाराच्या घोड्यांचे तिच्यावरही थोडे उपकार आहेतच.

माझं म्हणणं सरळ आहे. तू नोकरी सोडू नकोस. आक्काशी मी बोलतो, पण तिचा पहिला राग उतरल्यावर. दिवाळीला ये, तोवर उतरेल.

येताना माझं एक काम कर. तुमच्याकडं शिंगराच्या नोंदीचा जो छापील नमुना असतो, रंग, अंगावरची पांढरी ठिकाणं, भोवरे, आई, बाप, बापाची आई, त्याची एक कोरी प्रत आण. गावात शर्यतीचे बैल पाळणाऱ्या घरांतून मी वही घेऊन फिरायचं ठरवलंय. जुनी माणसं आहेत तोवर जेवढं मिळेल तेवढं लिहून काढतो. रकाने कसे पाडायचे एवढंच मला कळत नाहीये, आणि नमुना इंग्रजीत असला तरी चालेल, मराठी मी करून घेईन.

तुझा,
मामा

ता. क. त्या तपकिरी घोडीचं पुढं काय झालं? कितवी आली ते मी गर्दीत बघितलंच नाही.