देहूचे तुकोबा, ताहराबादचे महिपती आणि धारवाडची अज्जी

हुबळी व्यापाराची आणि धारवाड विद्येचं, असं आपल्याकडे पूर्वापार म्हणतात. दोन्हींत अंतर वीसेक किलोमीटरचं. धारवाडच्या माळमड्डीत फिरताना एकाच वाक्यात मराठी आणि कानडी कानी पडते. साधनकेरीला द. रा. बेंद्रे यांचं घर आहे. घरची भाषा मराठी, कविता मात्र कानडी, आणि त्या कवितेला १९७३ सालचं ज्ञानपीठ! अशा या गावातल्या कितीतरी देवघरांत लाल फडक्यात बांधलेली एक पोथी असते, ती महिपतींची.

इंग्रजी साहित्य शिकलेल्यांना चरित्रकार म्हटलं की बॉस्वेल आठवतो. १७६३ साली तो लंडनच्या एका पुस्तकांच्या दुकानात डॉ. जॉन्सनना प्रथम भेटला. त्यांचं बोलणं वर्षानुवर्षं टिपून ठेवून १७९१ साली त्यानं त्यांचं चरित्र छापलं. आपले महिपती त्याच शतकातले. जन्म १७१५, निधन १७९०. राहुरीजवळच्या ताहराबादचे. बॉस्वेल जॉन्सनना भेटण्याच्या आदल्याच वर्षी, १७६२ साली, त्यांचा ‘भक्तविजय’ पूर्ण झाला होता. १७७४ च्या ‘भक्तलीलामृता’त तर पंचविसाव्यापासून चाळिसाव्यापर्यंतचे अध्याय तुकोबांच्याच चरित्राचे आहेत.

पण बॉस्वेलजवळ जे होतं, ते महिपतींजवळ नव्हतं. त्यांच्या जन्माआधी साठाहून अधिक वर्षं तुकोबा गेलेले. म्हणून त्यांनी आधीच्या चरित्रकारांचा आधार घेतला आणि लोकांच्या तोंडी असलेल्या कथा ओवीत बांधल्या. तुकोबांनी त्यांना स्वप्नात उपदेश केला, अशी श्रद्धा आहे. कानडी वाचकांना हे ओळखीचं वाटेल. पुरंदरदासांनी स्वप्नात विजयदासांना दीक्षा दिली, असं हरिदास परंपरा सांगते. आणि विजयदासही अठराव्या शतकातलेच. दोन्हीकडे दैवत एकच, विठ्ठल!

माळमड्डीत नात्यातल्या एका घरी मी चार दिवस होते. संध्याकाळी अज्जी पोथी वाचायच्या. सातवीतला नातू शेजारी बसायचा. शाळेत हिंदी असल्यामुळे अक्षरं त्याला वाचता येतात, पण दर दोन ओव्यांनी तो विचारायचा, “हंगंद्र एनु?” म्हणजे काय? मग अज्जी पोथीवर बोट ठेवून कानडीत सांगू लागायच्या. भाकरीची रोट्टी व्हायची, इंद्रायणीची होळे. तुकोबांनी वाटेत पोरांना ऊस वाटून टाकले, उरलेला एक बायकोनं रागानं त्यांच्याच पाठीत घातला, त्याचे तुकडे झाले, तर ते हसून म्हणाले, बरं झालं, वाटणी झाली. ही गोष्ट ऐकून नातू मोठ्यानं हसला आणि आईला सांगायला स्वयंपाकघरात पळाला.

अज्जी मात्र मला हळूच म्हणाल्या, “माझ्यानंतर ही पोथी कोण सोडणार गं?”

त्यांची काळजी खोटी नाही. आपल्या बऱ्याच घरांत एका पिढीत वाचन थांबलंय. पण मला वाटतं, अज्जी जे करत होत्या, ते महिपतींचंच काम होतं. नाभाजींचं ‘भक्तमाल’ उत्तरेकडच्या ब्रज भाषेतलं. त्यातल्या संतांच्या कथा महिपतींनी आपल्या लोकांना कळाव्यात म्हणून मराठीत आणल्या. भाषा बदलली म्हणून संत परके झाले नाहीत. तेव्हा मुलांना गोष्ट कानडीत सांगायला संकोच कशाला?

एवढंच करावं, की आधी चार ओव्या मराठीत मोठ्यानं म्हणाव्यात. त्यांची चाल कानात राहिली पाहिजे. ती कानडीत सांगता येत नाही. आणि घरातली अज्जी गोष्ट जशी सांगते, तशी एका वहीत उतरवून घ्यावी. लिपी कुठलीही चालेल. पोथीशेजारी ती वही ठेवली, तर पुढच्या पिढीला फडकं सोडायचं निमित्त तरी राहील.