मेदवेदकिनची गाडी

खाष्ट आत्याबाई घरात पाऊल टाकताच फडताळावरून बोट फिरवून धूळ बघतात ना, तशी ही चित्रपट बनवणारी रेल्वेगाडी. २५ जानेवारी १९३२ला मॉस्कोहून निघाली. डबे तीन, माणसं बत्तीस. एका डब्यात बिऱ्हाड, एकात फिल्म धुण्याची लॅब, उरलेल्यात बाकीचा पसारा. सोव्हिएत दिग्दर्शक अलेक्सांद्र मेदवेदकिन तिचा कारभारी. आज शूटिंग, उद्या खेळ, हा तिचा बाणा.

खाणीच्या नाहीतर कारखान्याच्या सायडिंगला ती मुक्काम ठोकायची. कॅमेरे बाहेर पडायचे ते खोड्या काढायलाच. कामगारांच्या राहण्याचे हाल, बंद पडलेली यंत्रं, कामचुकार गडी, फायलींआड दडलेले साहेब. रात्री लॅबमध्ये रीळ धुतलं जायचं, जोडलं जायचं आणि ज्यांचं चित्रण त्यांनाच दाखवलं जायचं. मूकपटच ते; बोलायचं काम प्रेक्षकांचं. दिवे लागले की वादाला तोंड फुटे: हे असं का, जबाबदार कोण? गलथान कारभार असेल तिथे कार्टूनमधला एक उंट पडद्यावर अवतरायचा. चारचौघांत आपल्या नावाने उंट आला की भल्याभल्यांची मान खाली जाई. प्रचारपट म्हटलं की आपल्याला हारतुरे आणि आरत्या आठवतात. ही मात्र आपल्याच माणसांची उणीदुणी काढायची. म्हणून मला ती आवडते.

पण तिची जीभ खालच्यांपुरतीच चाले. त्या वर्षी ती युक्रेनमध्ये फिरली, तिथल्या सामूहिक शेतांवरही गेली. सरकार सक्तीने धान्य उचलत होतं. १९३२-३३च्या दुष्काळात लाखो माणसं भुकेने गेली. कोठार रिकामं का, हे विचारताना तिचं बोट मुकादमापाशी थांबायचं. मॉस्कोपर्यंत ते पोचणं शक्यच नव्हतं. गाडी सरकारची, कोळसा सरकारचा. भाबडी होती की मिंधी? माझ्या मते दोन्ही, आणि त्यातला भाबडेपणाच जास्त घातक.

अखेर तिचा प्रवास संपला. तिचे चित्रपट कित्येक दशकं हरवलेलेच समजले जात. पुढे काही सापडले. १९६७नंतर फ्रान्समधल्या बेझांसोंच्या कामगारांनी स्वतःच कॅमेरा हाती घेतला, तेव्हा आपल्या गटाला त्यांनी मेदवेदकिनचं नाव दिलं. त्यांची भांडणं मात्र थेट मालकांशी होती.