तनीषा कुणाची?

आमच्या घरात पाळण्यातलं नाव ठरवणं हे सहज उरकणारं काम नव्हे. पत्रिकेतलं अक्षर बघायचं, घरातल्या कुणा वडीलधाऱ्याचं तेच नाव नाही ना ते बघायचं, आणि शेजारच्या दारी त्याच नावाची मुलगी खेळत नाही ना तेही बघायचं. पुतणीला मुलगी झाली तेव्हा बेळगावात आमच्या सोप्यावर अशीच बैठक बसली. अक्षर आलं होतं 'त'. महावीरांच्या मातेचं, त्रिशला हे नाव सगळ्यांच्या ओठावर आलं, पण घरात आधीच दोन त्रिशला. मग बाळाच्या बापानं मोबाईलमधून नाव काढलं, 'तनीषा'. थोरले दीर म्हणाले, "चांगलं आहे की. पण अर्थ काय त्याचा?" मोबाईलवर अर्थ होता, महत्त्वाकांक्षा. दिरांनी संस्कृत शिकवण्यात जन्म घालवलेला. त्यांनी कोश काढला. मनीषा सापडली. तिचा अर्थ बुद्धी, इच्छा. तनीषा त्यांच्या कोशात नव्हती. तेवढ्यात अटलांटाहून आमची लेक व्हिडिओवर आली आणि म्हणाली, "आई, हे तर इथलं कृष्णवर्णीय बायकांचं नाव. आमच्या ऑफिसात या नावाच्या दोघी आहेत." जाऊबाई चकित. "अगं बाई! आपलं नाव तिकडं कसं गेलं?"

बाळाचं नाव तनीषाच ठेवलं. पेढे वाटले, पाहुणे गेले, पण जाऊबाईंचा प्रश्न माझ्या डोक्यातून जाईना. मिळेल ते वाचत सुटले, लेकीला विचारून विचारून भंडावलं.

नाव इथून तिकडं गेलेलं नाही, एवढं लवकरच कळलं. तिकडचं तिकडं घडलं, इकडचं इकडं. आमच्या पिढीला तनीषा हे नाव ठाऊक झालं ते बहुतेक तनूजाच्या धाकट्या मुलीमुळं. मनीषाच्या चालीवर ते बेतलेलं असावं असं कानाला वाटतं. अमेरिकेत ते 'टनीशा' असं उच्चारतात, आणि तिथं त्याची कुळकथा वेगळी आहे. कुणी म्हणतं, टान्या या नावाला 'ईशा' हे शेपूट जोडलं. हे शेपूट आलं आयेशा या अरबी नावातून, ज्याचा अर्थ जिवंत, जगणारी. स्टीव्ही वंडर या गायकानं आपल्या नवजात लेकीवर १९७६ मध्ये गाणं काढलं, ते गाजलं. तिचंही नाव आयेशाच. दुसरे लोक आफ्रिकेतल्या हौसा भाषेकडं बोट दाखवतात. उत्तर नायजेरियात सोमवारी जन्मलेल्या मुलीला 'तानी' म्हणायची रीत आहे. मंगळवारची तलातू, बुधवारची लाराबा, रविवारची लादी. आपल्याकडच्या वारल्यांत सोम्या, मंगळ्या, बुध्या असतात, तसंच की हे.

यातलं खरं कुठलं? मला वाटतं, ज्या आईनं डेट्रॉइटमध्ये किंवा शिकागोत १९७४ साली आपल्या मुलीला हे नाव दिलं, तिनं यातलं काहीच कोशात बघितलं नसेल. तिला त्याचा नाद आवडला. लकीशा, लटोया, टमिका, शनिक्वा ही सगळी त्याच घरची नावं. पुढं 'ल', 'श', 'ट' लावायचं, मागं 'ईशा', 'इका' जोडायचं, मधलं आपल्या मनाचं. अशा नावांना अर्थ नसतो म्हणून तिकडं नाकं मुरडतात. त्यात गोरे असतात आणि बरे शिकलेसवरलेले कृष्णवर्णीयही असतात. पण अर्थ नाही म्हणायच्या आधी, नाव ठेवण्याचा हक्क त्या बायकांच्या हाती कधी आला हे बघायला पाहिजे.

गुलामाला नाव मालक द्यायचा. सीझर, पाँपी, स्किपिओ, व्हीनस अशी रोमन बादशाही थाटाची नावं मजूर माणसांना ठेवायचे. गंमत म्हणूनच की ती. १८५० आणि १८६० साली अमेरिकेच्या जनगणनेत गुलामांची वेगळी यादी झाली. तिच्यात मालकाचं नाव आहे, आणि खाली गुलामाचं वय, बाई की पुरुष, वर्ण कोणता, एवढंच. गुलामाच्या नावाला रकानाच नाही. चाळीस वर्षांची एक बाई, सहा वर्षांचा एक पोरगा. आईनं त्याला कुठल्या नावानं हाक मारली ते सरकारला नको होतं. १८६५ मध्ये गुलामगिरी कायद्यानं संपली आणि १८७० च्या जनगणनेत ही माणसं पहिल्यांदा नावानिशी आली. आज तिथले लोक आपलं कूळ शोधत मागं जातात ते १८७० पाशी येऊन अडखळतात. पुढं भिंत.

त्या भिंतीच्या अलीकडंही कुणी कुणी नाव जपलं होतं. मॅसॅच्युसेट्समधले पॉल कफ हे १७५९ साली जन्मलेले कृष्णवर्णीय गृहस्थ पुढं जहाजांचे मालक झाले. त्यांचे वडील आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेले, नाव कोफी, म्हणजे शुक्रवारी जन्मलेला. आडनाव मात्र मालकाचं, स्लोकम. मुलानं मालकाचं आडनाव टाकलं आणि बापाचं नावच आडनाव म्हणून लावलं. कोफीचं झालं कफ.

आणि बुकर टी. वॉशिंग्टन यांची गोष्ट तर मला फारच लागली. गुलामीत जन्मलेला पोरगा, स्वातंत्र्यानंतर पहिल्यांदा शाळेत गेला. मास्तर हजेरी घेत होते. बघतो तर प्रत्येक पोराला दोन-दोन नावं. याला घरी नुसतं 'बुकर' म्हणायचे. आपली पाळी येईपर्यंत त्यानं मनातल्या मनात दुसरं नाव तयार केलं आणि पाळी येताच शांतपणे सांगितलं, बुकर वॉशिंग्टन. पुढं त्याला कळलं, की जन्मल्यावर आईनं आपल्याला टॅलिआफेरो असंही एक नाव दिलं होतं, ते मधे विसरलं गेलं. मग त्यानं ते मधे घातलं. तो 'टी' म्हणजे आईनं ठेवलेलं, हरवलेलं आणि परत आणलेलं नाव. हे सगळं त्यांनी १९०१ च्या आपल्या आत्मकथेत लिहून ठेवलंय.

एवढं असूनही, गुलामी संपल्यावर पुढची जवळजवळ शंभर वर्षं कृष्णवर्णीय मुलींची नावं गोऱ्या मुलींपेक्षा फार वेगळी नव्हती. बदल झाला तो १९६० च्या दशकाच्या अखेरीस आणि सत्तरच्या दशकात. माल्कम लिटल यांनी आडनाव टाकून 'एक्स' लावलं. आपलं खरं आफ्रिकी नाव कधीच कळणार नाही, त्या रिकाम्या जागेची ती खूण. कॅशियस क्ले १९६४ मध्ये मुहम्मद अली झाले. १९७७ च्या जानेवारीत ॲलेक्स हेली यांच्या 'रूट्स' कादंबरीवरची मालिका टीव्हीवर आली. आठ रात्री सगळी अमेरिका तिच्यापुढं बसली होती. त्यात कुंटा किंटेला चाबकानं फोडतात, का, तर त्यानं आपलं नाव 'टोबी' आहे असं स्वतःच्या तोंडानं म्हणावं म्हणून. कामाला तो टोबी न होताही आला असता. पण मालकाला ठाऊक होतं, हात राबवून घेणं वेगळं आणि माणूस ताब्यात घेणं वेगळं. कुंटाच्या मुलीचं नाव किझी. त्या वर्षी अमेरिकेत किझी नावाच्या मुली एकदम वाढल्या.

हे वाचताना मला दुसरंच काही आठवत राहिलं. लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीनं माझं नवं नाव लिहिलं गेलं, तेव्हा सगळे हसत होते, मीही लाजून हसत होते. बी. ए. च्या प्रमाणपत्रावर मी एक आहे, रेशनकार्डावर दुसरीच. दोन्ही एकच बाई आहेत याचं प्रतिज्ञापत्र तीनदा करून झालंय. त्या यातनांशी याची तुलना करायचा माझा विचार नाही, चाबूक कुठं आणि तांदळाचं ताट कुठं. पण नाव बदलतं तेव्हा ते कोण बदलतं, एवढा प्रश्न बाईला लगेच कळतो. आमच्या भागातल्या भोजचे सातगोंडा पाटील दीक्षा घेऊन आचार्य शांतिसागर झाले. त्यांनीही नाव सोडलंच, पण ते स्वतः सोडलं. सोडणं आणि काढून घेणं यात सगळा फरक आहे.

म्हणून त्या सत्तरच्या दशकातल्या आयांकडं मी आता निराळ्या नजरेनं बघते. आफ्रिकेतलं मूळ नाव हाती नाही. मालकांनी दिलेलं नको. मग त्यांनी हाताशी असलेल्या नादांतून नवं जुळवलं. आपण गोधडी शिवतो तशी. एक तुकडा अरबी, एक फ्रेंच वळणाचा, एक शेजारणीच्या लेकीच्या नावाचा. गोधडीला कुणी अर्थ विचारतं का? ती कुणी कुणासाठी शिवली, हे विचारतात.

पण या नावाची किंमत मुलीनं मोजली, हेही खरं. मेरियान बर्ट्रांड आणि तमिळनाडूत जन्मलेले सेंधिल मुल्लैनाथन या दोन अर्थतज्ज्ञांनी बॉस्टन आणि शिकागोत एक प्रयोग केला, तो २००४ मध्ये प्रसिद्ध झाला. नोकरीच्या जाहिरातींना त्यांनी सुमारे पाच हजार खोटे अर्ज पाठवले. शिक्षण, अनुभव तोलून मापून सारखे, फक्त नावं वेगळी. काहींवर एमिली, ॲन, सेरा. काहींवर लकीशा, आयेशा, टनीशा. होय, आमच्या पाळण्यातलं नाव त्या यादीत होतं. गोऱ्या वळणाच्या नावाला साधारण दहा अर्जांमागे एक बोलावणं आलं, कृष्णवर्णीय वळणाच्या नावाला पंधरांमागे एक. समोर माणूस नाही, चेहरा नाही, कागदावर चार अक्षरं. तेवढ्यावर दार लागलं.

हे वाचून माझ्यातली संसारी बाई म्हणाली, मग कशाला ठेवायचं असलं नाव? पोरीचं भलं बघावं की मान बघावा? आपणही असा हिशेब करतोच. आपल्याकडं कॉल सेंटरात रात्रपाळीला बसणारी पोरं फोनवर सॅम नाहीतर सुझन होत होती. परदेशात गेलेली आपली मुलं नावाचं शेपूट छाटून घेतात, तिकडच्यांच्या जिभेला सोपं जावं म्हणून. लेकीला मी हेच म्हटलं. ती म्हणाली, "आई, अर्जावर एमिली लिहून बोलावणं येईल. पण मुलाखतीला दार उघडून आत जाणार ती टनीशाच ना? कातडी कुठं ठेवून जाईल?" यावर मला उत्तर सुचलं नाही. खोट नावात नव्हतीच. अर्ज वाचणाऱ्याच्या नजरेत होती. नाव बदललं असतं तर ती नजर दुसरं काहीतरी शोधून बसली असती.

आणि एक गोष्ट मला बोचते. आपली तनीषाही जुळवलेलीच. कोशात तीही नाही. पण आपल्याकडं ती नव्या वळणाची, गोड ठरली. तीच अक्षरं अटलांटात दुसऱ्या मुलीच्या अंगावर आली की ती अडाण्यांची. नावात दोष असता तर तो दोन्हीकडं दिसला असता.

तरी चित्र एवढंच नाही. अलाबामातल्या बर्मिंगहॅममध्ये १९५४ साली, काळ्या-गोऱ्यांच्या शाळा वेगळ्या असण्याच्या काळात, संगीत जाणणाऱ्या एका शिक्षिकेनं आपल्या लेकीचं नाव घडवलं. संगीताच्या कागदावर 'माधुर्यानं वाजवा' असं सांगणारे इटालियन शब्द असतात, त्यांना वळण देऊन केलं, काँडोलीझा. कोशात ते नव्हतं. २००५ मध्ये काँडोलीझा राईस अमेरिकेच्या परराष्ट्रमंत्री झाल्या आणि जगभरच्या मुत्सद्द्यांनी ते नाव पाठ केलं. १९७० मध्ये वॉशिंग्टनमध्ये एक मुलगी जन्मली. तिची मावशी तेव्हा पश्चिम आफ्रिकेत काम करत होती. आईबापांनी तिच्याकडून आफ्रिकी नावांची यादी मागवली आणि त्यातून निवडलं, केटांजी ओन्यिका. 'लोभस' असा अर्थ त्यांना सांगितला गेला. २०२२ मध्ये केटांजी ब्राऊन जॅक्सन अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयातल्या पहिल्या कृष्णवर्णीय महिला न्यायाधीश झाल्या. नाव सोपं करून घ्या असं त्यांना कुणी म्हटलं असेल नसेल, त्यांनी केलं नाही. जिभांनीच वळायला शिकलं पाहिजे होतं, त्या वळल्या.

अर्थात दर केटांजीमागं कितीतरी टनीशा अजून पंधराव्या अर्जावर आहेत. मोठ्या झालेल्या दोघींनी त्यांचा प्रश्न सुटत नाही. पण लेकीच्या ऑफिसातल्या त्या दोघी माझ्या डोळ्यांसमोर येतात. त्यांच्या आयांना कुणी रकाना दिला नव्हता. त्यांनी तो स्वतः आखला आणि त्यात स्वतःच्या अक्षरात लिहिलं. म्हणून लेकीला मी एवढंच सांगून ठेवलंय, की त्यांना नावाचा अर्थ विचारू नकोस. उच्चार नीट कसा करायचा ते विचार, आणि तसाच करत जा.