पाव, अर्धी, अख्खी

कणकण आली की आई गोळी दोन चमच्यांमध्ये धरून दाबायची. कट्‌कन आवाज व्हायचा. वरच्या चमच्याच्या पाठीला चिकटलेला पांढरा भुगा ती बोटानं निपटायची, साखरपाण्यात कालवायची. शेवटचा घोट हमखास कडू. शुक्रवार पेठेतल्या आमच्या घरात कंपनी कुठलीही असो, गोळीला क्रोसिनच म्हणत. पहिलीत पाव, पाचवीत अर्धी. दहावीला अख्खी मिळाली, तेव्हा आता घरातलं कुणी आपल्याला पोरगं म्हणणार नाही असं वाटलं होतं.

गोळीतल्या औषधाचं पॅरासिटामॉल हे नाव फार उशिरा कळलं. हार्मन मोर्स या अमेरिकी रसायनशास्त्रज्ञानं ते १८७८ साली बनवलं, पण बाजार मारला फेनासेटिन या दुसऱ्या औषधानं. १९४८ मध्ये ब्रॉडी आणि अ‍ॅक्सेलरॉड या संशोधकांनी दाखवलं की पोटात गेलेल्या फेनासेटिनचं शरीरात पॅरासिटामॉल होतं आणि खरं काम तेच करतं. जेवणावळीत वाढप्याचं कौतुक आणि आचारी मागं चुलीपाशी घामाघूम, तसला प्रकार.

२०१९ च्या ऑगस्टात पंचगंगेनं राजाराम बंधाऱ्यावरची ४३ फुटांची धोक्याची पातळी ओलांडली आणि ती ५५ फुटांवर गेली. आम्ही शाळेतल्या शिबिरात. तिथं गोळ्यांचं पाकीट कात्रीनं कापून चार-चार हातावर ठेवत. कापलेल्या तुकड्यावर नाव अर्धं, तारीख गायब. आमच्या अण्णांनी असले तुकडे नंतरही डब्यात जपून ठेवले.

अण्णा म्हणजे तालमीतला जुना गडी, गुडघे गेलेले. गुडघ्याला एक गोळी, सर्दीला दुसऱ्या रंगाची. दोन्हींत पॅरासिटामॉलच होतं, हे डॉक्टरांनी डबा पालथा केला तेव्हा उमगलं. मोठ्या माणसाला दिवसाला चार ग्रॅमच्या वर नाही, म्हणाले, आणि या वयात त्याहून कमीच. या औषधाचा थोडा भाग शरीरात विषारी होतो, यकृत त्याला निभावून नेतं. पण त्यासाठी लागणारा यकृतातला साठा संपला की तेच विष यकृतावर उलटतं.

तेव्हापासून भिंतीवरच्या कालनिर्णयात रोज पेन्सिलीच्या रेघा. एका गोळीला एक रेघ. काल रात्री पावसानं गुडघा ठणकायला लागला. अण्णा चष्मा लावून तारखेच्या चौकोनाजवळ गेले, रेघा मोजल्या.

"अर्धी चालंल का रं?"

मी चमचे शोधायला उठलो.

"चमचे कशाला? दात हायत अजून मला."